हेमांगीची पाठ

पुतळीबाईने आयुष्यातला पहिला सिनेमा पाहिला तेव्हा तिची साठी जवळ आली होती. दाखवला तो जावयाने. तिची धाकटी लेक शकू रोह्याला दिलेली. जावई गोविंदा तिथून जवळच धाटावला नव्याने उघडलेल्या एका कारखान्यात शिफ्टमध्ये कामाला होता. दिवाळीला दोघं धरमतरच्या खाडीकाठी सासुरवाडीला आली, आणि गोविंदा म्हणाला, "आई, चला पेणला. दुपारच्या खेळाला जाऊ." पुतळीबाई नको नको म्हणत निघाली आणि टॉकीजच्या बाकावर पदर घट्ट आवळून बसली.

पडद्यावर एक बाई रडत डोंगर चढत होती. पुतळीबाई बघत राहिली. तेवढ्यात नुसते पाय दिसले, मग नुसता चेहरा, आणि लगेच तीच बाई घराच्या ओटीवर उभी.

"ही येवढ्यात घरी कशी पोचली?" तिने जावयाला विचारलं.

"पोचली कुठं? डोंगरावरचं एका दिवशी काढतात, घरातलं दुसऱ्या दिवशी. मग तुकडे जोडतात," गोविंदा हळूच म्हणाला. "मागचा कुठला, पुढचा कुठला, हे जोडणाऱ्याच्या हातात."

बाकीचा सिनेमा पुतळीबाईच्या डोक्यात शिरलाच नाही. बाहेर उन्हात आल्यावर तिने शकूचा दंड धरला आणि म्हणाली, "शकू गो, मंग माज्या मागं काय जोडलं व्हतं? नि पुढं काय?"

शकूला आईचा रोख कळला. आईला तरुणपणी सिनेमात घेतलं होतं, ही गोष्ट घरात सगळ्यांना ठाऊक होती. पण बाप, जनू, जिवंत असेपर्यंत ती थट्टेवारी नेत असे, आणि आई गप्प बसत असे. म्हणून कुणी कधी नीट विचारलं नव्हतं.

झालं होतं ते असं.

पुतळी लग्न होऊन खाडीकाठी आली, त्याच्या दुसऱ्याच वर्षी मुंबईची एक सिनेमा कंपनी धरमतरला उतरली. इंग्रजी अमदानी होती आणि सिनेमे मुके होते. जनूची होडी त्यांनी सामानाच्या ने-आणीसाठी घेतली. पुतळी मिठागरावर होती. बांधावरून मिठाच्या पाट्या वाहता वाहता सगळ्या बाया त्या मंडळींकडे बघत. तीन पायांवर उभी केलेली लाकडी पेटी, तिचा दांडा फिरवणारा एक न बोलणारा माणूस, आणि हातात लाल पुठ्ठ्याचं पुस्तक घेऊन फिरणारे एक साहेब. ते साहेब पुस्तकात बघायचे, खाडीकडे बघायचे, परत पुस्तकात बघायचे.

त्यांच्याबरोबर एक गोरीपान बाई होती. तिला पाण्यात चालत जायचं होतं. ओहोटी लागलेली, काठाला मऊ काळा चिखल उघडा पडलेला. बाईने एक पाय टाकला, तो पोटरीपर्यंत आत गेला, तशी ती किंचाळून मागे फिरली आणि राहुटीत जाऊन बसली. काही केल्या बाहेर येईना. मग साहेबांची नजर मिठागराच्या बांधाकडे गेली. पुतळी अंगाने तिच्याच बांध्याची. "पाठच दिसायची आहे," ते जनूला म्हणाले, "कुणाला कळणार नाही."

जनूने होकार दिला. पुतळीला कुणी विचारलं नाही, पण तिला हौस वाटत होती. तिला पांढरं पातळ नेसवलं, केस मोकळे सोडले.

"पाण्यात चालत जा. कमरेला पाणी लागेपर्यंत. मागं वळून बघायचं नाही," साहेबांनी सांगितलं.

पुतळी निघाली. खाडीच्या बाया चिखलात चालतात तशी, पाय तिरका टाकून, झपझप.

"हळू," साहेब मागून ओरडले. "बाजाराला निघाली नाहीस तू."

ती हळू चालू लागली. सूर्य पलीकडच्या काठावर टेकला होता. पाणी गुडघ्यावर आलं, मांडीवर आलं, आणि तिचा डावा पाय खचला. तो ओढून काढताना बोटातलं जोडवं निसटल्याचं तिला कळलं. नवं जोडवं, सासूने घातलेलं. ती वाकली, पाण्यात दोन्ही हात घालून चिखल चाचपला. काही लागेना. सरळ उभी राहिली, भिजलेले केस तोंडावरून मागे सारले, आणि जनूला सांगायला तशीच वळून काठाकडे निघाली.

साहेबांनी कपाळाला हात लावला. "गेलं, सगळं गेलं," म्हणाले. पेटीवाला मात्र दांडा फिरवीतच होता. सूर्य बुडाला, पुन्हा काढायला उजेड उरला नाही, आणि भरतीबरोबर कंपनी निघून गेली. जाताना पुतळीने पेटीवाल्याला विचारलं होतं, "ही बाई कोन? मी कोन झाले व्हते?" तो एवढंच म्हणाला, "हेमांगी."

पुढच्या उन्हाळ्यात हेमांगीचा सिनेमा पेणला तंबूत आला. पुतळी पहिल्या बाळंतपणाला माहेरी गेलेली. गावातले पाच-सहा जण मोठ्या उत्साहाने गेले. पण खेळ अर्ध्यावर आला असेल नसेल, एवढ्यात वावटळ उठली आणि तंबूचं कापड खांबांसकट लोळवून गेली. तंबूवाल्यांनी उरलंसुरलं गोळा करून रोह्याचा रस्ता धरला. गावकरी परत येऊन म्हणाले, "आमी बघितलं तवर तर तू नव्हतीस." सासूने ठरवून टाकलं की हिने मध्येच तोंड वळवलं, म्हणून त्यांनी हिला सिनेमातून वगळलं. पुतळीलाही तेच खरं वाटलं. पुढे मुलं झाली, मिठाची वर्षं आली-गेली, देश स्वतंत्र झाला, एका मोठ्या उधाणात बांध फुटला तो पुन्हा घातला, जनू गेला.

आणि आता जावयाच्या एका वाक्याने ते सगळं पुन्हा वर आलं होतं.

पुस्तक लाल होतं, एवढा दुवा तिच्याकडे होता. साहेब पुस्तकात बघून सांगत होते, म्हणजे हेमांगीची गोष्ट पुस्तकात असणार. आणि पुस्तकं असतात वाचनालयात. पेणच्या बाजाराला गेली की मीठवाल्या बायांना ती पुढे पाठवायची आणि स्वतः वाचनालयाच्या पायरीशी घुटमळायची. दोनदा तशीच परतली. तिसऱ्या खेपेला आत गेली.

तिथले मोरूकाका वर्तमानपत्रं दोऱ्याने बांधत होते. जाडजूड, डोळ्याला भिंगाचा चष्मा, सिनेमाचं भारी वेड. हेमांगी हे नाव ऐकून त्यांनी दोरा खाली ठेवला.

"हे तुम्हाला कुठून माहीत?"

"मीच हेमांगी व्हते," पुतळीबाई म्हणाली. मग घाईने भर घातली, "पाठीकडून."

मोरूकाकांनी तिला स्टूल दिलं आणि सगळं ऐकून घेतलं. मध्ये एकदाही हसले नाहीत. ऐकून झाल्यावर म्हणाले, "सिनेमा बघायला मिळेल ही आशा सोडा. त्या वेळच्या फिती भडकन पेट घेणाऱ्या. कितीक गोदामात जळल्या, कितीक आतल्या चांदीपायी वितळवल्या. हेमांगी कुठंच नाही. मुंबईत माझा एक मित्र असल्या गोष्टींच्या मागे असतो, त्यालाही मिळाली नाही. पण कादंबरी आपल्याकडे असावी."

त्यांनी मागच्या कपाटात बराच वेळ शोधाशोध केली आणि तपकिरी पडलेलं एक पुस्तक बाहेर काढलं. पुतळीबाईने ते हातात घेतलं, उलटसुलट पाहिलं. "ह्ये लाल नाय."

"बांधणी नवी आहे. आतली हेमांगी तीच."

पुढच्या बाजाराला ती आली तोवर मोरूकाकांनी कादंबरी वाचून ठेवली होती. दुपारच्या सामसुमीत त्यांनी तिला सारी गोष्ट सांगितली. हेमांगी चांगल्या घरची मुलगी. नवरा शिकायला विलायतेला जातो. इकडे सासू तिच्यावर नाही नाही तो आळ घेते आणि तिला घराबाहेर काढते. ती मावशीच्या दारी जाते, तिथेही तिला थारा मिळत नाही. शेवटी एका देवळाच्या धर्मशाळेत तिला ताप भरतो, आणि नवरा परत येऊन तिचा हात हातात घेतो त्याच घटकेला ती प्राण सोडते.

पुतळीबाई एकेक गोष्ट विचारत होती. सासूला कुणी फितवलं? मावशीला स्वतःची लेक होती का? नवऱ्याने तिकडून कधी खुशाली का नाही कळवली? मोरूकाकांना काहींची उत्तरं देता आली, काहींसाठी त्यांना पानं उलटावी लागली. शेवटी तिने विचारलं, "नि खाडी?"

"खाडी नाही."

"पानी तरी?"

"धर्मशाळेत ती एकदा पाणी मागते तेवढंच."

"मंग मला कशापायी पान्यात घातलं?"

मोरूकाकांनी चष्मा काढून पुसला. "पुस्तकात ती अंथरुणावर मरते. मुक्या सिनेमात अंथरुणावर पडून मरणारी बाई कोण बघत बसणार? तेव्हा त्यांनी तिला पाण्यात पाठवली असेल. मरायला."

पुतळीबाई उठली. दारापर्यंत गेली आणि थांबली. "म्हंजे मी मरायला चालले व्हते," ती म्हणाली. "नि मला कुनी सांगितलं नाय."

ही गोष्ट तिला फार लागली. मिठागरावर वाफ्यात उभी असताना मध्येच तिचा हात थांबायचा. तिने मनातल्या मनात कितीदा तरी ती चाल पुन्हा चालून पाहिली. पंधरा-सोळा वर्षांची पोर, नवं पातळ अंगावर म्हणून आतून खुशीत, आणि बघणाऱ्यांना वाटणार की ही जीव द्यायला निघाली आहे. नुसत्या पाठीवरून दुःख दिसतं का? आपली पाठ कशी दिसली असेल? आणि तिचा तुकडा टाकूनच दिला असेल, तर हेमांगी शेवटी मेली तरी कशी?

माघात शकूला मुलगा झाला म्हणून ती एसटीने रोह्याला गेली. शकूची खोली एका भातगिरणीच्या मागच्या चाळीत होती. बाळाला मांडीवर घेऊन शेक देता देता पुतळीबाई मोरूकाकांकडून ऐकलेली कथा लेकीला सांगत होती. शकू मध्येच म्हणाली, "आये, हेमांगी हे नाव मी ऐकलंय. आमची घरमालकीण काशीबाई हाय ना, ती घेते. गिरनीचा पट्टा तुटला, कुनाचं काय बिनसलं, की म्हनते, हेमांगीवानी करा."

पुतळीबाईचा हात बाळाच्या पाठीवर तसाच राहिला. "म्हंजे कसं करा?"

"ते मी कधी इचारलं नाय."

काशीबाई गिरणीच्या ओटीवर सुपात कडवे वाल निवडत बसलेली असे. पुतळीबाईपेक्षा वर्ष-दोन वर्षांनी मोठी, अंगाने किडकिडीत, बोलायला ठाम. पुतळीबाई दुसऱ्या दिवशी सकाळीच तिच्याकडे गेली, ओटीच्या कडेला टेकली आणि आडून न विचारता सरळ म्हणाली, "बाय, तुमी हेमांगीचा शिनेमा बघितला काय?"

"बघितला की. इथंच, नदीच्या वाळवंटात तंबू होता. पेणला तो वाऱ्याने फाटला होता, ठिगळं लावलेली दिसत होती. लग्नाला तिसरं वर्ष माझं."

"त्यात ती पान्यात जाते."

"जाते."

"नि मरते?"

काशीबाईने सूप बाजूला ठेवलं. "कोण म्हणतं मरते? मुळीच मरत नाही. पांढऱ्या पातळात ती चालत जाते, सूर्य बुडायला टेकलेला. बायकांच्या बाजूला आम्ही सगळ्या पदर तोंडात धरून बसलेल्या. पाणी इथपर्यंत येतं तिला." तिने मांडीवर हात ठेवून दाखवलं. "आणि मग ती वाकते. दोन्ही हात पाण्यात घालते. तोंडावर पाणी घेते, केस मागं सारते, नि वळून परत येते. सरळ समोर. तोंड नीट दिसत नव्हतं, सूर्य मागं होता ना. पण आली परत. तंबूत सगळ्या बायकांनी एकदम श्वास सोडलेला मी ऐकला."

गिरणीत पट्टा सुरू झाला होता, ओटी हलकी थरथरत होती.

"तोंडावर पानी नव्हतं घेतलं," पुतळीबाई म्हणाली. "माजं जोडवं पडलं व्हतं."

काशीबाईला आधी कळलंच नाही. मग पुतळीबाईने खाडी, लाल पुस्तकवाले साहेब, गोरी बाई, पेटीवाला, सारं सांगितलं. ऐकता ऐकता काशीबाई तिच्या पावलांकडे बघत होती. चिखलाने आणि मिठाने फाटलेली, बोटं पसरलेली पावलं.

"तू होतीस ती," काशीबाई म्हणाली. मग तिने आवाज खाली आणला. "माझी दोन मुलं जन्मतःच गेली होती. सासू दिवसरात्र बोलायची, आणि हे घरात असून नसल्यासारखे. कुंडलिका नदीला वरच्या अंगाला डोह आहे. मी दोनदा जाऊन बघून आले होते. त्या रात्री तंबूत ती बाई वाकली, तोंड धुतलं नि परत फिरली. मला वाटलं, अरे, असंही करता येतं. एवढंच वाटलं. दुसऱ्या दिवशी उठले, चूल पेटवली."

पुतळीबाईने पुढे होऊन तिच्या मनगटावर हात ठेवला. मग तिला राहवेना.

"नि परत आल्यावर पुढं काय केलं तिनं? सासूनं घरात घेतलं काय?"

काशीबाईने डोळे मिटून आठवून पाहिलं. "एक दिवा होता. आणि दार. दार तिनं उघडलं की कुणी आतून उघडलं, ते नाही आठवत. मी तेव्हा रडत होते."

घरी परतताना पुतळीबाई पेणला उतरून आधी वाचनालयात गेली. मोरूकाकांनी तिच्याकडून ते सगळं दोनदा वदवून घेतलं.

"म्हणजे तुम्ही परत फिरलात म्हणून त्यांनी शेवटच फिरवला," ते म्हणाले. मग त्यांचं त्यांनाच ते पुरतं पटेना. "किंवा असंही असेल, की वाचवायचं त्यांचं आधीच ठरलं होतं, नि परत येतानाचं ते नंतर त्या गोऱ्या बाईला घेऊन काढणार होते. आता कळायला मार्ग नाही."

"साहेब तर म्हनले, सगळं गेलं."

"तेही खरंच."

"पेटीवाल्याला ठावं असंल. तो दांडा फिरवायचा थांबला नाय." ती विचारात पडली. "त्याचं नाव तरी कळंल काय कुठं?"

मोरूकाकांनी मुंबईच्या मित्राला विचारायचं कबूल केलं. त्यांनी विचारलंही. त्या कंपनीत पेटी चालवणारे चौघे होते असं कळलं, त्यातला धरमतरला कोण आला होता ते सांगणारा कुणी उरला नव्हता. पुतळीबाईने ती चारही नावं त्यांच्याकडून म्हणवून घेतली आणि पाठ केली. त्यातलं एक नाव तिला जवळचं वाटायचं. का, ते तिला सांगता येत नव्हतं.

चैत्रात काशीबाई धरमतरला आली. सोबत शकू, शकूचं बाळ आणि वालाची एक पिशवी. काशीबाईने खाडी कधी पाहिली नव्हती. मिठाचे पांढरे ढीग बघून ती आधी तिथेच रमली. चिमूट उचलून जिभेवर ठेवली, मीठ जमिनीतून निघतं की पाण्यातून, वाफ्यात पाणी किती दिवस ठेवतात, पायाला झोंबत नाही का, असं विचारत राहिली. पुतळीबाई सांगत राहिली. असं कुणी तिला कधी विचारलं नव्हतं.

मग दोघी बांधावरून पुढे गेल्या. त्या जागी आता धक्का झाला होता आणि मालाचे दोन बार्ज लागले होते. ओहोटी होती.

"इथून गेलीस?"

"त्या दुसऱ्या बार्जाच्या अलीकडून. काठ तवा आत व्हता."

काशीबाईने चपला काढल्या. शकू मागून म्हणाली, "आजी, नको. पाय रुतंल." पण तोवर काशीबाईने पुतळीबाईचा खांदा धरून एक पाऊल चिखलात टाकलं होतं. घोट्यापर्यंत गेलं. तिने दुसरं टाकलं.

"तिरका टाका पाय," पुतळीबाई म्हणाली. "नि हळू."

पाण्याच्या कडेपर्यंत जाऊन त्या थांबल्या. काशीबाई बराच वेळ पलीकडच्या काठाकडे बघत होती. मग तिने विचारलं, "पुतळे, त्या गोऱ्या बाईचं पुढं काय झालं गो? तिनं तुला बघितलं असेल ना राहुटीतून?"

पुतळीबाईच्या हे कधी ध्यानातच आलं नव्हतं. साहेब, पुस्तक, पेटीवाला, सगळ्यांचा विचार तिने केला होता. त्या बाईचा एकदाही नाही. "ती बाहेर आली व्हती," ती आठवत म्हणाली. "मी पातळ सोडून दिलं तवा तिनंच ते हातात घेतलं. वल्लं व्हतं. काय तरी बोलली माज्याशी."

"काय बोलली?"

"हिंदीत व्हतं. मला तवा कळलं नाय."

"शब्द आठवतात?"

पुतळीबाई थांबून आठवू लागली. पाणी चढायला लागलं होतं. शकूने बांधावरून हाक मारली. दोघी एकमेकींना धरून वळल्या, आणि चालता चालता पुतळीबाई एकेक शब्द जुळवून बघत राहिली.